कराच्या पायऱ्या आणि चार मागांचे कारखाने

देशातल्या यंत्रमागांपैकी जवळपास निम्मे महाराष्ट्रात आहेत. भिवंडी, मालेगाव, इचलकरंजी, सोलापूर अशा गावांत ते पत्र्याच्या शेडमध्ये किंवा राहत्या घराच्या तळमजल्यावर चालतात. मुंबईच्या गिरणगावात मात्र एकेकाळी अडीच लाख कामगार सूत कातत आणि कापड विणत होते, तिथे आता गिरण्या जवळजवळ उरलेल्या नाहीत. हा पालट सहसा 1982 च्या गिरणी संपाच्या खाती टाकला जातो. संपाने शेवटचा घाव घातला हे खरे, पण मोठी गिरणी आक्रसण्याची आणि छोटे माग पसरण्याची क्रिया त्याआधी तीस वर्षे चालू होती. तिला गती यंत्रांपेक्षा जास्त उत्पादन शुल्काच्या तक्त्याने, परवान्याच्या अटींनी आणि कामगार कायद्यातल्या आकड्यांनी दिली. कापड कोणी, कुठे, किती मागांवर आणि कोणत्या जातीचे विणायचे, याचा हिशेब धंदेवाले शंभर वर्षे सरकारी राजपत्र समोर ठेवूनच करत आले.

मुंबईतली पहिली कापसाची गिरणी कावसजी नानाभाई दावर यांनी 1854 मध्ये ताडदेवला उभारायला घेतली आणि 1856 मध्ये ती चालू झाली. पुढच्या दोन दशकांत गिरण्यांची संख्या वाढली तशी लँकेशायरच्या कारखानदारांची कुरकुरही वाढली. हिंदुस्थानात येणाऱ्या कापडावरची आयात जकात म्हणजे मुंबईच्या गिरण्यांना दिलेले संरक्षण आहे, असे त्यांचे म्हणणे होते. जाड्याभरड्या कापडावरची जकात 1879 मध्ये उठली आणि 1882 मध्ये जवळजवळ सगळीच. सरकारी तिजोरी रिकामी पडली तेव्हा, 1894 मध्ये, जकात पुन्हा बसवावी लागली. लँकेशायरची समजूत काढण्यासाठी तिच्याबरोबर देशी गिरण्यांच्या 20 नंबरच्या वरच्या, म्हणजे अधिक बारीक, सुतावरही तेवढाच, 5 टक्के, कर आला. दोन वर्षांत ही रचना बदलली. सूत मोकळे झाले, आयात कापडावर साडेतीन टक्के आणि देशी गिरणीच्या कापडावरही साडेतीन टक्के असा बरोबरीचा हिशेब ठरला. हातमागाला या करातून वगळले होते. एकच कापड, पण विणणारा कोण त्यावर कर ठरणार, ही पुढे फार लांबलेली रीत इथे सुरू झाली.

त्या काळात मुंबईच्या गिरण्यांचा जीव कापडापेक्षा सुतात होता आणि सुताचे मोठे गिऱ्हाईक चीन होते. सरकारने 1893 मध्ये रुप्याची नाणी पाडून देणे खाजगी लोकांसाठी बंद केले. चीनचे चलन रुप्याचेच राहिले आणि रुपया रुप्यापासून तुटला, त्यामुळे चिनी व्यापाऱ्याला मुंबईचे सूत महाग पडू लागले. तिकडे जपानच्या गिरण्या उभ्या राहत होत्या. 1896 मध्ये मुंबईत प्लेग आला आणि कामगार शहर सोडून पळाले. या तिहेरी माऱ्यानंतर गिरणीमालकांनी चात्यांच्या जोडीला माग बसवायला सुरुवात केली आणि देशातल्या बाजाराकडे तोंड वळवले. 1905 च्या स्वदेशी चळवळीने त्यांना अनायासे गिऱ्हाईक मिळवून दिले. या वळणाचे श्रेय बहुतेक ठिकाणी मालकांच्या दूरदृष्टीला दिलेले आढळते. प्रत्यक्षात चीनचा दरवाजा बंद होत होता आणि दुसरा दरवाजा शोधणे भाग होते.

कामाच्या तासांचे कायदेही स्पर्धेच्या ओढाताणीतूनच आले. पहिला कारखाना कायदा 1881 चा. तो प्रामुख्याने लहान मुलांपुरता होता. 1891 मध्ये स्त्रियांना रात्रपाळीची बंदी झाली. या कायद्यांमागे नारायण मेघाजी लोखंडे यांच्यासारख्यांनी उभी केलेली कामगारांची मागणी होती, तशीच लँकेशायरची असूयाही होती, आणि मुंबईचे मालक दुसऱ्या कारणाकडे बोट दाखवून पहिले कारण झाकत. विजेचे दिवे आल्यावर गिरण्या पहाटेपासून रात्रीपर्यंत चालू लागल्या. 1911 च्या कायद्याने प्रौढ पुरुषांसाठी दिवसाला 12 तासांची मर्यादा घातली आणि 1922 मध्ये आठवड्याला 60 तासांची. ब्रिटिश हिंदुस्थानच्या हद्दीबाहेर, संस्थानांत, हे नियम लागू नव्हते किंवा ढिले होते. गिरणी संस्थानात काढण्यामागे हेही एक आकर्षण असे.

देशी कापडावरचा साडेतीन टक्क्यांचा कर उठला तो एका संपाच्या निमित्ताने, आणि ही घटना धंद्याच्या डावपेचांचा नमुना म्हणून पाहण्याजोगी आहे. पहिल्या महायुद्धानंतरची तेजी ओसरली, जपानी माल स्वस्तात येऊ लागला, आणि सप्टेंबर 1925 मध्ये मुंबईच्या मालकांनी मजुरीत साडेअकरा टक्के कपात केली. कामगार संपावर गेले. मालकांनी सरकारला सांगितले की कर काढा, कपात मागे घेतो. डिसेंबरमध्ये करवसुली थांबवण्यात आली, कपात रद्द झाली, संप मिटला आणि पुढच्या वर्षी कर कायमचा गेला. तीस वर्षांच्या अर्जविनंत्यांनी जे झाले नाही ते बंद पडलेल्या धोट्यांनी तीन महिन्यांत करून दाखवले. त्यात उपासमार मालकांची झाली नव्हती, एवढेच.

जपानशी स्पर्धेचा प्रश्न मात्र सुटला नाही. जपानी गिरण्यांत बायका रात्रपाळीलाही काम करत, म्हणून तिथले प्रत्येक यंत्र दोन पाळ्या चाले. ही स्पर्धा न्याय्य नाही, असे 1927 मध्ये टॅरिफ बोर्डानेही मान्य केले. 1930 च्या संरक्षण कायद्याने ब्रिटिश कापडावर 15 आणि इतर परदेशी कापडावर 20 टक्के जकात बसली. पुढे ती वाढत गेली आणि 1933 मध्ये ब्रिटिशेतर कापडावर 75 टक्क्यांवर पोचली. जपानने उलट हिंदुस्थानी कापूस घेणे थांबवले, तेव्हा वऱ्हाड-खानदेशचे कापूसवाले आणि मुंबईचे गिरणीवाले यांचे हितसंबंध एकमेकांविरुद्ध उभे राहिले. अखेर जपानने अमुक इतका कापूस घ्यावा आणि त्या प्रमाणात कापड पाठवावे, असा करार 1934 मध्ये झाला.

याच दशकांत यंत्रमाग गिरणीबाहेर पडला होता. इचलकरंजीत विठ्ठलराव दातार यांनी 1904 मध्ये पहिला यंत्रमाग आणला. जहागिरीचे अधिपती नारायणराव बाबासाहेब घोरपडे यांचा अशा उद्योगांना पाठिंबा होता. मालेगावात 1857 नंतर उत्तरेतून आलेले मोमीन विणकर हातमागावर लुगडी विणत. तिथे आणि भिवंडीत 1930 च्या दशकात यंत्रमाग दिसू लागले. वीज पोचली की हातमागवाल्याने जुना माग विकत घ्यावा, त्याला मोटर जोडावी आणि तेच लुगडे दुप्पट-तिप्पट वेगाने विणावे, असा हा सरळ मार्ग होता. तोपर्यंत गिरण्यांना या मागांची भीती वाटावी असे काही नव्हते. 1951 मध्ये देशातले सुमारे चार पंचमांश कापड गिरण्यांचे होते आणि यंत्रमाग सगळे मिळून 24 हजारांच्या आसपास.

दुसऱ्या महायुद्धात कापडाचे भाव भडकले. 1943 मध्ये कापड आणि सुतावर नियंत्रणाचा हुकूम निघाला, मुंबईत टेक्स्टाइल कमिशनरचे कार्यालय उभे राहिले आणि ठाणांवर दर व तारीख छापून येऊ लागली. जानेवारी 1948 मध्ये नियंत्रण उठवले, भाव लगेच उसळले आणि त्याच वर्षाच्या मध्याला ते परत लावावे लागले. स्वातंत्र्यानंतरच्या सरकारपुढे आता दुसरे कोडे होते. हातमागावर लाखो कुटुंबे पोट भरत होती आणि त्यांना गिरणीपासून वाचवायचे होते. 1950 मध्ये रंगीत काठांची लुगडी आणि काही ठरावीक जाती हातमागासाठी राखून ठेवल्या गेल्या. 1952 मध्ये गिरण्यांच्या धोतरांवर मर्यादा आली: आधीच्या सरासरीच्या 60 टक्केच विणायची. 1953 मध्ये जादा धोतरांवर वाढीव शुल्क बसले, शिवाय गिरणीच्या प्रत्येक वारामागे तीन पै उपकर खादी आणि हातमागाच्या साह्यासाठी वसूल होऊ लागला.

कानूनगो समितीने 1954 मध्ये वेगळा सल्ला दिला होता: हातमाग जपून ठेवण्यापेक्षा विणकराला हळूहळू यंत्रमागाकडे न्यावे. पुढच्याच वर्षी पुण्याचे अर्थतज्ज्ञ द. गो. कर्वे यांच्या अध्यक्षतेखालील समितीने ग्रामोद्योगांतला रोजगार राखण्यावर भर दिला, आणि सरकारला तेच पटले. दुसऱ्या पंचवार्षिक योजनेत वाढत्या मागणीचा मोठा वाटा हातमागासाठी ठेवला गेला. 1956 पासून गिरण्यांना माग वाढवायला बंदी झाली. निर्यातीच्या अटीवर थोडे स्वयंचलित माग, तेवढाच अपवाद. 1951 च्या उद्योग कायद्याखाली परवाना लागतच होता. आता परवाना मागूनही उपयोग नव्हता.

हातमागासाठी रिकामी ठेवलेली ही जागा यंत्रमागाने पटकावली. लोकसंख्या वाढत होती, कापडाची मागणी वाढत होती, गिरणीला वाढता येत नव्हते आणि हातमागाला त्या भावात पुरवठा जमत नव्हता. मधल्या माणसाला, म्हणजे यंत्रमागवाल्याला, मोकळे रान मिळाले. त्याच्यावरही परवान्याचे बंधन होते, पण ते पाळले जातेय की नाही हे गल्लीबोळांतून कोण तपासणार? विनापरवाना माग बसत गेले, ठरावीक काळाने सरकार ते दंड किंवा फी घेऊन नियमित करत गेले, आणि पुढच्या वेळीही तसेच होईल या खात्रीने आणखी माग बसले. हातमागासाठी राखीव असलेली रंगीत लुगडी मालेगाव आणि इचलकरंजीच्या यंत्रमागांवर वर्षानुवर्षे विणली जात होती.

यंत्रमागाच्या धंद्याला आजचा आकार मात्र दिला तो शुल्काच्या पायऱ्यांनी. उत्पादन शुल्क मागांच्या संख्येवर ठरे. चार किंवा त्याहून कमी माग असतील तर माफी, त्यापुढे मागांच्या संख्येप्रमाणे चढता दर. हेतू असा की घरच्या घरी माग चालवणाऱ्या विणकराला त्रास होऊ नये. परिणाम असा की ज्याच्याकडे 24 माग होते त्याने ते बायको, भाऊ, मेहुणा, चुलत्याच्या नावे चार-चार करून वाटले. शेड एक, मालक एक, कागदावर सहा कारखाने. यंत्रमागांच्या चौकशीसाठी 1963 मध्ये नेमलेल्या अशोक मेहता समितीपुढे हे चित्र स्पष्ट होते. नियम बदलत राहिले, पण ही विभागणी मोडली नाही, कारण तिला दुसरा आधार 1948 च्या कारखाना कायद्याचा मिळाला. वीज वापरणाऱ्या जागेत दहा कामगार झाले की हा कायदा लागू होई. गिरणीत साधारण दोन माग सांभाळणारा विणकर यंत्रमागावर चार-चार, कधी जास्त माग सांभाळत असे आणि 12 तासांची पाळी करत असे. दहाचा आकडा न गाठता बरेच माग चालवणे त्यामुळे शक्य झाले. गिरणी कामगाराला मिळणारा महागाई भत्ता, भविष्य निर्वाह निधी, रजा यांचा खर्च इथे जवळजवळ नव्हता. मोठे होणे हीच शिक्षा असेल तर छोटे राहण्यात शहाणपण असते, आणि यंत्रमागवाल्यांनी हे शहाणपण पुरेपूर वापरले.

या तुकड्यांना जोडणारी व्यवस्था खर्चीची. व्यापारी सायझिंग केलेली, म्हणजे खळ दिलेल्या ताण्याच्या धाग्यांची, बीमे आणि बाण्याचे सूत देतो, यंत्रमागधारक विणून देतो आणि पिकांच्या, म्हणजे विणलेल्या आडव्या धाग्यांच्या, हिशेबाने मजुरी घेतो. इचलकरंजीत अशा विणकर-मालकाला खर्चीवाला म्हणतात. माल कधीच त्याचा नसतो, त्यामुळे सुताचे भाव उतरले-चढले तरी तोट्याचा पहिला धक्का व्यापाऱ्याला बसतो. पण तेजीचा लाभही खर्चीवाल्यापर्यंत पोचत नाही, आणि मंदी आली की व्यापारी बीमे देणे थांबवतो, माग बंद पडतात. यंत्रे आणि कामगारांची जबाबदारी खर्चीवाल्याची, बाजार व्यापाऱ्याच्या हातात.

सुतावरच्या नियमाचीही अशीच गत झाली. हातमागाला लडीच्या रूपातले सूत लागते. म्हणून 1974 पासून सूतगिरण्यांवर बंधन आले की बाजारात द्यायच्या सुतापैकी अर्धे लडीत द्यायचे. या सुताला शुल्कातही सवलत. मग ते स्वस्त सूत यंत्रमागाकडे वळू लागले, लड उलगडून पुन्हा गुंडाळण्याचा खर्च धरूनही परवडत असे. हे प्रमाण 2003 मध्ये 40 आणि 2019 मध्ये 30 टक्क्यांवर आले.

गिरण्यांच्या गळ्यात 1964 मध्ये नियंत्रित कापडाची योजना पडली. धोतर, साडी, लाँगक्लॉथ, शर्टिंग आणि ड्रिल या पाच जातींचे ठरावीक प्रमाणात कापड सरकारी दराने विणायचे, तेही अनेकदा खर्चापेक्षा कमी दरात. आधुनिक गिरणी हा तोटा महागड्या कापडातून भरून काढू शकत होती. जुन्या यंत्रांच्या गिरणीला ते जमले नाही. मालकांच्या धोरणाच्या दोन वाटा इथे फुटल्या. काहींनी मलमल, मिश्र धाग्याचे सूटिंग-शर्टिंग, रंगाई आणि ब्रँडवर भर दिला, स्वतःची दुकाने काढली. काहींनी यंत्रांवर खर्च करणे थांबवले आणि नफा दुसऱ्या धंद्यांत वळवला. या दुसऱ्या गटातल्या गिरण्या आजारी पडत गेल्या. त्यांना सांभाळण्यासाठी राज्याने 1966 मध्ये आणि केंद्राने 1968 मध्ये वस्त्रोद्योग महामंडळ काढले. 1974 च्या कायद्याने देशभरच्या 103 गिरण्यांचे राष्ट्रीयीकरण झाले. कामगार वाचवण्यासाठी हे केले असे सरकार सांगे, आणि ते खोटे नव्हते. पण बुडीत धंद्यातून सहज बाहेर पडण्याची ही वाट आहे, हे मालकांनाही समजले.

कामगार नेते दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखालचा मुंबईच्या गिरण्यांतला संप 18 जानेवारी 1982 रोजी सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात होते आणि तो कधीच अधिकृतपणे मिटला नाही. वेतनवाढीइतकीच महत्त्वाची मागणी 1946 चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा रद्द करण्याची होती. या कायद्याने धंद्यात एकाच संघटनेला वाटाघाटींचा अधिकार मिळे, आणि तो राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे होता. मालकांना तडजोडीची घाई नव्हती. गोदामांत माल पडून होता. शिवाय अनेक गिरण्या आधीपासूनच भिवंडीहून कोरे कापड विणून घेत, त्यावर प्रक्रिया करत आणि आपला शिक्का मारून विकत. संपकाळात ही सोय मुख्य आधार झाली. गिरणीचा विणकाम विभाग बंद राहूनही गिरणीचे नाव बाजारात राहते, हे एकदा सिद्ध झाल्यावर तो पुन्हा चालू करण्याचे कारण उरले नाही. 1983 मध्ये मुंबईतल्या 13 गिरण्यांचे व्यवस्थापन सरकारने ताब्यात घेतले. बऱ्याच गिरण्यांचे जुने माग भंगाराच्या भावाने निघाले आणि भिवंडीत पुन्हा उभे राहिले. कामावरून गेलेले काही विणकरही त्यांच्यामागे गेले, कमी मजुरीवर.

1985 च्या वस्त्र धोरणाने गिरणी आणि यंत्रमाग यांना शक्य तितके एका पातळीवर आणायचे ठरवले. गिरण्यांवरची माग-बंदी उठली, कृत्रिम धाग्यावरची बंधने सैल झाली, न चालणारी गिरणी बंद करण्याचा मार्ग मान्य झाला. त्याच वर्षी हातमागासाठी 22 वस्तू राखून ठेवणारा कायदा झाला. ती यादी पुढे 11 वर आली. मुंबईसाठी हे धोरण तीस वर्षे उशिरा आले. तोपर्यंत गिरणीची किंमत मागांत नव्हती, तिच्याखालच्या जमिनीत होती. 1991 च्या विकास नियंत्रण नियमावलीतल्या कलम 58 प्रमाणे जमीन विकसित करायची तर एक तृतीयांश महापालिकेला मोकळ्या जागेसाठी, एक तृतीयांश म्हाडाला घरांसाठी आणि उरलेली मालकाला. या अटीवर फार थोडे मालक पुढे आले. 2001 मध्ये दुरुस्ती झाली आणि ही वाटणी केवळ आधीच मोकळ्या असलेल्या जमिनीला लागू झाली, इमारतींखालच्या जमिनीला नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये ही दुरुस्ती वैध ठरवली. त्यानंतर परळ-लोअर परळच्या चिमण्या झपाट्याने पडल्या आणि तिथे कार्यालये व मॉल उभे राहिले.

यंत्रमागाच्या गावांना 1991 नंतर वेगळ्या अडचणी आल्या. सुरत कृत्रिम धाग्याच्या कापडात पुढे गेले. 2005 मध्ये जागतिक कापड व्यापारातला कोटा संपला आणि निर्यातदारांना एकसारख्या दर्जाचे लांबच लांब ठाण हवे झाले, जे जुन्या साध्या मागावर निघत नाही. 1999 पासून तंत्रज्ञान सुधारणा निधीतून स्वस्त कर्ज मिळू लागले. इचलकरंजीत शटललेस, म्हणजे धोट्याविना चालणारे, माग आले ते बरेचसे या निधीच्या आधाराने. 2017 मध्ये वस्तू व सेवा कर लागू झाला. आता खरेदीवरचा कर वळता करून घेण्यासाठी नोंदणी आणि बिले हवीत, त्यामुळे कागदावर लहान राहण्याचा जुना फायदा बराच घटला. पण सुरुवातीला कृत्रिम सुतावर 18, मग 12 टक्के कर आणि कापडावर 5 टक्के, असा उलटा उतार राहिला. फरकाची रक्कम परत मिळण्याची सोय ऑगस्ट 2018 पासून झाली. कृत्रिम तंतू आणि सुतावरचा दर सप्टेंबर 2025 मध्ये 5 टक्क्यांवर आणण्यात आला.

मागांच्या संख्येवरचे शुल्क गेले तरी आकड्याची पायरी गेलेली नाही, ती आता विजेच्या बिलात आहे. राज्य सरकार यंत्रमागांना वीजदरात सवलत देते आणि 27 अश्वशक्तीपर्यंतच्या जोडणीला एक, तर त्यावरच्या जोडणीला दुसरा दर लावते. साधे माग बऱ्याच संख्येने या मर्यादेत बसतात. शटललेस मागाला वीज जास्त लागते, त्यामुळे असे थोडेच माग बसवले तरी जोडभार 27 ओलांडतो. नवे यंत्र घेणाऱ्या यंत्रमागधारकाला कर्जाच्या हप्त्याबरोबर हा फरकही हिशेबात धरावा लागतो.